लपाछपी (चित्रपट)

लपाछपी हा १४ जुलै २०१७ रोजी प्रदर्शित झालेला मराठी भयपट आहे. दिग्दर्शन विशाल फुरिया यांचे असून प्रमुख भूमिका पूजा सावंत, उषा नाईक, विक्रम गायकवाड आणि अनिल गवस यांनी केल्या आहेत. उसाच्या शेतांनी वेढलेल्या एका एकाकी घरात आश्रयाला आलेली गरोदर स्त्री, तिला खेळायला बोलावणारी मुले आणि त्या घराने दडवून ठेवलेला भूतकाळ असा चित्रपटाचा विषय आहे. याच दिग्दर्शकाने २०२१ साली छोरी या नावाने त्याची हिंदी पुनर्निर्मिती केली. मराठी भयपटाची त्याच दिग्दर्शकाच्या हातून हिंदीत पुनर्निर्मिती होणे ही विरळा गोष्ट आहे. त्यामुळे एकच भयकथा दोन भाषांत सांगताना काय टिकते आणि काय बदलते, हे पाहण्यासाठी हे दोन चित्रपट एकत्र अभ्यासण्याजोगे आहेत.

कथानक

(या विभागात चित्रपटातील रहस्याचा उलगडा केला आहे.)

नेहा ही शहरात राहणारी तरुणी आठ महिन्यांची गरोदर आहे. तिचा नवरा तुषार कर्जात बुडालेला असतो. वसुलीसाठी आलेले लोक त्याला मारहाण करतात आणि शहरात राहणे धोक्याचे होते. त्यांचा चालक भाऊराव दोघांना आपल्या गावाकडच्या घरी घेऊन जातो. वस्तीपासून दूर असलेल्या या घराच्या चहूबाजूंनी माणसापेक्षा उंच ऊस आहे. भाऊरावची बायको तुळसाबाई नेहाची सरबराई करते, तिला खाऊपिऊ घालते आणि त्याबरोबरच काय करावे, कुठे जाऊ नये याचे नियमही घालून देते.

नेहाला घराच्या आसपास लहान मुले दिसू लागतात. ती लपाछपी खेळत असतात आणि तिलाही खेळात ओढतात. पुढे एका स्त्रीची आकृती दिसू लागते. तुळसाबाईच्या सांगण्यानुसार सारे अरिष्ट घरातल्या एका मृत सुनेमुळे ओढवले आहे. नेहाने आणि तिच्या बाळाने त्या सुनेपासून जपले पाहिजे, असे तिचे म्हणणे असते. नेहा आणि तिच्याबरोबर प्रेक्षकही बराच काळ या सांगण्यावर विश्वास ठेवतात.

उत्तरार्धात ही मांडणी उलटी होते. मेलेली सून कर्ती नसून बळी ठरलेली आहे. या घराला मुलगी नको असते. गर्भात मुलगी असणे हेच त्याच्या दृष्टीने संकट असते आणि ते निवारण्याची त्याची रीत जुनी असते. तुषारचे या घराशी असलेले नाते उघड होते, तेव्हा शहर सोडून इथे येणे हा अपघात नव्हता हे नेहाला कळते. ज्या आकृतीपासून ती पळत होती ती तिला काही दाखवू पाहत होती आणि जे हात तिला जेवू घालत होते ते तिच्या मुलीच्या जिवावर उठलेले होते.

शीर्षक आणि खेळ

लपाछपीच्या खेळात एका गड्यावर राज्य येते. तो डोळे मिटून आकडे मोजतो, बाकीचे लपतात आणि मग तो त्यांना शोधत हिंडतो. त्याचे लक्ष नसताना लपलेल्या गड्याने मागून येऊन धप्पा दिला, की राज्य पुन्हा त्याच्यावरच येते. महाराष्ट्रात वाढलेल्या बहुतेक सर्वांना हे नियम शिकवावे लागत नाहीत आणि चित्रपटाची रचना याच नियमांवर उभी आहे. पहिल्या भागात राज्य नेहावर आहे असे वाटते, कारण मुले लपतात आणि ती शोधते. प्रत्यक्षात लपलेले आहेत ते मोठे. खरे नाते, खरा हेतू आणि जुने गुन्हे त्यांनी लपवले आहेत, तर मुले सापडण्यासाठीच खेळत आहेत.

शीर्षकाचा दुसरा गुण असा, की ते विषय उघड करीत नाही. चित्रपट मुलींच्या हत्येविषयी आहे हे नावावरून कळत नाही. हिंदी आवृत्तीचे नाव मात्र थेट आहे. छोरी म्हणजे मुलगी. राजस्थानी, हरियाणवी, माळवी अशा अनेक बोलींत हा शब्द रुळलेला आहे. मराठी प्रेक्षकाला जे सव्वा-दीड तासाने कळते, ते हिंदी प्रेक्षकाला फलकावरच कळते. रहस्य म्हणून पाहिल्यास हा तोटाच आहे. दुसऱ्या बाजूने, घरात जिचे अस्तित्वच नाकारले जाते तिचे नाव चित्रपटाच्या माथ्यावर यावे, यालाही अर्थ आहे.

अशीच गोष्ट बालपणावरील एका सुप्रसिद्ध परदेशी भयपटाच्या बाबतीत घडली आहे. स्वीडिश लेखक यून आयविदे लिंडक्विस्ट यांच्या २००४ च्या कादंबरीवरून तोमास आल्फ्रेडसन यांनी २००८ साली लेट द राइट वन इन हा चित्रपट केला. मॅट रीव्ह्ज यांनी २०१० साली लेट मी इन या नावाने त्याच कथेवर इंग्रजी चित्रपट केला. पहिल्या शीर्षकात दार उघडणाऱ्याला सल्ला आहे, की योग्य त्यालाच आत घ्यावे. दुसऱ्यात दाराबाहेर उभ्या असलेल्याची विनवणी आहे. परवानगीखेरीज रक्तपिपासूला कोणाच्या घरात पाऊल टाकता येत नाही, ही युरोपीय लोकसमजूत दोन्हींच्या मुळाशी आहे. लपाछपीत उंबरठ्याचा हा नियम उलटा आहे. येथे आत येण्याचे आमंत्रण घर देते आणि धोका आत येणाऱ्याला असतो.

बालपण आणि छळ

वरील दोन्ही परदेशी चित्रपटांचा गाभा शाळकरी मुलाचा छळ हा आहे. स्टॉकहोमच्या ब्लाकेबेरी या उपनगरातला बारा वर्षांचा ऑस्कर वर्गातल्या मुलांकडून मार खातो. घरी तो एकटा असतो आणि शेजारी राहायला आलेली एली ही त्याची पहिली मैत्रीण ठरते. एली रक्त पिऊन जगते. अमेरिकी आवृत्तीत ही कथा न्यू मेक्सिकोतील लॉस अलामोस या गावी येते आणि मुलांची नावे ओवेन व ॲबी होतात. दोन्हीकडे पाहणाऱ्याला रक्तपिपासू मुलीपेक्षा मारकुट्या मुलांची अधिक धास्ती वाटते. ती मुले अगदी सामान्य घरांतली आहेत.

लपाछपीत शाळा नाही. तिथे छळ घरात होतो आणि त्याला मराठीत फार जुना शब्द आहे, सासुरवास. जात्यावरच्या ओव्यांत तो आहे. आश्विनात हत्तीच्या चित्राभोवती फेर धरून म्हटल्या जाणाऱ्या भोंडल्याच्या गाण्यांतही तो आहे. सासू, सासरे, दीर, नणंद यांच्या तक्रारी आणि माहेरी जाण्याची परवानगी मागणारी सून हा या गाण्यांचा ठरलेला विषय आहे. ती गाणी म्हणणाऱ्या मुलींचे वय मात्र परकर-पोलक्याचे असे. पुढे वाट्याला काय येणार, हे मुलींना खेळातूनच कळत असे. खेळ आणि घरगुती क्रौर्य यांची सांगड चित्रपटकर्त्यांनी नव्याने घातलेली नाही. ती इथल्या खेळगाण्यांत पूर्वीपासून होती आणि चित्रपटाने ती भयकथेत आणली.

तुळसाबाईचे पात्र या दृष्टीने लक्षणीय आहे. उषा नाईक यांनी ती राक्षसीण म्हणून रंगवलेली नाही. तिचा स्वर मायेचा आहे. तिचे नियम कोणत्याही घरातल्या वडीलधाऱ्या बाईने गरोदर सुनेला सांगावेत असे आहेत आणि ती स्वतः याच व्यवस्थेतून सून म्हणून गेलेली आहे. छळ सोसलेली व्यक्ती पुढे छळाची राखणदार होते, हे ऑस्करच्या कथेतही सूचित होते. त्याला मारणाऱ्या मुलाचा स्वतःचा थोरला भाऊ त्याच्याहून दांडगा आहे. मराठी चित्रपटात हाच क्रम पिढ्यांमधून दिसतो. पूजा सावंत यांची भूमिका बहुतांशी एकटीने पेलायची आहे. अनेक दृश्यांत समोर फक्त रिकामे घर किंवा ऊस असतो.

उसाचे शेत

जुन्या हिंदी-मराठी भयपटांची ठरलेली जागा म्हणजे पडका वाडा किंवा हवेली, आणि वेळ मध्यरात्रीची. लपाछपीतील भीती बऱ्याच अंशी दिवसाउजेडी घडते आणि तिची जागा पिकाने भरलेले शेत ही आहे. पूर्ण वाढलेला ऊस डोक्यावरून जातो, पाने धारदार असतात, सऱ्या एकसारख्या दिसतात आणि चार पावले आत गेले की बांध दिसेनासा होतो. वाऱ्याने पाने सळसळली की आत कोणी आहे की नाही हे सांगता येत नाही. ऊसपट्ट्यात लहानाचे मोठे झालेल्या कोणालाही हे ठाऊक असते. लहान मुलांना एकट्याने उसात न जाण्याची ताकीद तिथे घरोघरी दिली जाते.

या निवडीला आणखी एक बाजू आहे. पश्चिम महाराष्ट्रात आणि मराठवाड्याच्या काही भागांत ऊस हे समृद्धीचे पीक मानले जाते. साखर कारखाने, सहकारी संस्था, पक्की घरे आणि शिक्षण यांचा त्याच्याशी संबंध आहे. मुलींची संख्या घटण्याचा प्रश्न केवळ दारिद्र्याचा असता तर तो अशा भागांत कमी दिसला असता. तसे घडलेले नाही. सोनोग्राफीचा खर्च परवडणाऱ्या घरांतच तो अधिक तीव्र झाला. भरल्या शेतात हरवलेली मुले ही प्रतिमा म्हणून केवळ देखाव्यापुरती उरत नाही.

लोकसमजुतींशी नाते

मराठी लोकसमजुतींत अपुऱ्या राहिलेल्या आयुष्यांना वेगवेगळी नावे आहेत. मुंज झाल्यानंतर आणि लग्नाआधी मेलेल्या मुलाचे भूत म्हणजे मुंजा. त्याचे ठिकाण पिंपळावर मानतात. आदित्य सरपोतदार दिग्दर्शित मुंज्या (२०२४) या हिंदी चित्रपटाने हे नाव देशभर पोहोचवले. बाळंतपणात मेलेल्या स्त्रीच्या भुताला अळवंतीण म्हणतात. हडळ हे नाव अधिक व्यापक आहे. विहिरी, डोह आणि नदीकाठी साती आसरांचे वास्तव्य मानले जाते आणि गरोदर किंवा ओल्या बाळंतिणीने तिथे जाऊ नये असे सांगितले जाते. जन्मानंतरच्या पाचव्या वा सहाव्या रात्री सटवाई येऊन बाळाच्या कपाळी नशीब लिहिते अशी समजूत आहे. त्या रात्री बाळाजवळ जागरण करतात.

हे सारे बाळ-बाळंतिणीला जपण्यासाठी आहे असे म्हटले जाते आणि काही अंशी ते खरेही आहे. डोहाकाठी न जाण्याचा नियम आठव्या महिन्यातल्या बाईच्या हिताचाच असतो. पण गरोदर बाईला घराबाहेर पडू न देणे, कोणाशी बोलू न देणे, तिच्यावर सतत नजर ठेवणे हेही याच नियमांच्या आधारे करता येते. तुळसाबाईच्या तोंडचे नियम यातले कोणते आहेत, हा प्रश्न चित्रपट पहिल्या तासाभरात मुद्दाम अनिर्णित ठेवतो.

दुसरी समजूत चेटकिणीची. एखादे मूल दगावले, गुरे मेली, आजार हटेना, की दोष घरातल्या किंवा गावातल्या एखाद्या बाईवर येतो. नाशिक जिल्ह्याच्या आदिवासी पट्ट्यात अशा बाईला भुताळी किंवा डाकीण म्हणण्याची रीत आहे. २०१४ साली त्र्यंबकेश्वर तालुक्यातील टाकेहर्ष येथे अशाच संशयावरून दोन स्त्रियांना ठार मारण्यात आले. दोन वर्षांनी नाशिकच्या सत्र न्यायालयाने आरोपींना जन्मठेपेची शिक्षा सुनावली. महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा २०१३ साली झाला. अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात हत्या झाल्यानंतर काही दिवसांतच शासनाने त्याचा अध्यादेश काढला आणि डिसेंबरमध्ये विधिमंडळाने कायदा संमत केला. लपाछपीतील मृत सुनेवर जो आरोप घर करते तो याच जातीचा आहे. मेलेल्या बाईला चेटकीण ठरवले की तिला कोणी मारले, हा प्रश्न विचारावा लागत नाही.

त्र्यंबकेश्वर हे दादासाहेब फाळके यांचे जन्मस्थान (३० एप्रिल १८७०), हे येथे नमूद करण्याजोगे आहे. फाळके जादूचे प्रयोग करीत आणि पडद्यावर आकृती प्रकट करण्याच्या, अदृश्य करण्याच्या युक्त्यांत ते निष्णात होते. त्यांच्या कालिया मर्दन (१९१९) या मूकपटात बाळकृष्णाची भूमिका त्यांची मुलगी मंदाकिनी हिने केली होती. भारतीय पडद्यावरच्या अगदी आरंभीच्या बालकलाकारांत ही मुलगी येते.

सामाजिक पार्श्वभूमी

गर्भलिंग निदानाला आळा घालणारा देशातला पहिला कायदा महाराष्ट्राने १९८८ साली केला. केंद्राचा कायदा १९९४ साली संमत झाला, १ जानेवारी १९९६ पासून अमलात आला आणि २००३ साली सुधारणा होऊन गर्भधारणेपूर्वीच्या लिंगनिवडीलाही त्याच्या कक्षेत आणले गेले. तरीही शून्य ते सहा वयोगटात दर हजार मुलांमागे मुलींचे प्रमाण महाराष्ट्रात १९९१ साली ९४६, २००१ साली ९१३ आणि २०११ साली ८९४ असे घसरत गेले. बीड जिल्ह्यात २०११ साली ते ८०७ होते. याच जिल्ह्यातील परळी येथे २०१२ साली बेकायदा गर्भपाताच्या वेळी एका विवाहितेचा मृत्यू झाला आणि त्यातून उघडकीस आलेले प्रकरण राज्यभर गाजले.

जन्माला आलेल्या मुलींचीही वेगळी कथा आहे. मुलगा हवा असताना मुलगी झाली तर तिचे नाव नकुशी किंवा नकोशी ठेवण्याची पद्धत सातारा जिल्ह्यात होती. पुढचे अपत्य मुलगा व्हावे म्हणून हे नाव ठेवले जाई. ऑक्टोबर २०११ मध्ये सातारा येथे झालेल्या समारंभात अडीचशेहून अधिक मुलींनी ही नावे टाकून नवी नावे घेतली. शाळेच्या हजेरीपटावर रोज पुकारले जाणारे असे नाव हीही छळाचीच एक रीत होती, आणि ती वर्गातल्या मुलांनी नव्हे तर घरच्यांनी लादलेली होती.

मार्च २०१७ मध्ये सांगली जिल्ह्यात मिरज तालुक्यातील म्हैसाळ गावाजवळ ओढ्याकाठी पुरलेली १९ अर्भके सापडली. हाही ऊसपट्टाच. लपाछपी त्यानंतर चारच महिन्यांनी चित्रपटगृहांत आला. चित्रपटाचे काम या घटनेच्या आधीच झालेले होते. तो तिच्यावर आधारलेला नाही. तरी जमिनीत दडवलेल्या मुलांची कथा पाहणाऱ्या त्या उन्हाळ्यानंतरच्या मराठी प्रेक्षकाला म्हैसाळची आठवण टाळता येण्यासारखी नव्हती.

हिंदी पुनर्निर्मिती

छोरी २६ नोव्हेंबर २०२१ रोजी ॲमेझॉन प्राइम व्हिडिओवर प्रदर्शित झाला. नेहाची जागा साक्षीने घेतली (नुसरत भरुचा), तुषारचा हेमंत झाला (सौरभ गोयल), तुळसाबाईची भन्नो देवी (मीता वशिष्ठ) आणि भाऊरावचा कजला (राजेश जैस). घटनाक्रम, उसाचा चक्रव्यूह, मुलांचा खेळ आणि उलगडा यांत मोठा फरक नाही. बदलली ती बोली, वेशभूषा आणि निर्मितीचा आवाका.

भाषेचा बदल वरवरचा नाही. तुळसाबाई जी मराठी बोलते ती प्रेक्षकाच्या आजीची किंवा आत्याची असू शकते. त्या ओळखीमुळेच तिच्यावर संशय घ्यायला वेळ लागतो. भन्नो देवी पहिल्यापासून परकी आणि कडक वाटते. मीता वशिष्ठ यांचा अभिनय अधिक धारदार आहे, पण तिच्यापासून सावध राहावे हे शहरी हिंदी प्रेक्षकाला लवकर कळते. मराठी आवृत्तीत गाव हे सुट्टीत जाण्याचे ठिकाण आहे, हिंदीत ते मागास प्रदेश म्हणून समोर येते. आकडेवारी पाहता हा फरक फसवा आहे. २०११ च्या जनगणनेत शून्य ते सहा वयोगटाचे राष्ट्रीय प्रमाण ९१८ होते, म्हणजे महाराष्ट्र देशाच्या सरासरीच्याही खाली होता. कथेचे मूळ गाव मराठी होते, हे पुनर्निर्मिती पाहताना विसरले जाण्याचा संभव आहे.

दुसऱ्या बाजूने, छोरीतील नायिका अधिक बोलकी आहे आणि तिचा लढा अधिक स्पष्टपणे मांडला आहे. लपाछपीची निर्मिती लहान प्रमाणावरची होती. अनेक ठिकाणी तीच तिच्या पथ्यावर पडली, कारण न दाखवता सुचवण्यावाचून गत्यंतर नव्हते. वाहिनीवरून घरोघरी पोहोचल्यामुळे ही कथा हिंदीत कितीतरी अधिक लोकांनी पाहिली, हे मात्र मान्य करावे लागते.

छोरी २ आणि सूर्यप्रकाश

कथेचा पुढचा भाग छोरी २ हा ११ एप्रिल २०२५ रोजी त्याच वाहिनीवर आला. त्यात नुसरत भरुचा यांच्याबरोबर सोहा अली खान आणि मराठी अभिनेते गश्मीर महाजनी यांच्या भूमिका आहेत. पहिल्या भागात जिच्या जन्मासाठी झगडा झाला ती मुलगी आता सुमारे सात वर्षांची आहे आणि तिला सूर्यप्रकाश सोसत नाही. दिवस तिला अंधाऱ्या खोलीत काढावा लागतो.

हे लक्षण पाहताच रक्तपिपासूच्या कथा आठवतात. ऑस्करची मैत्रीण एली हिलाही ऊन चालत नाही आणि ती खिडक्या झाकून राहते. फरक असा, की एलीला भूक आहे आणि त्या भुकेपायी ती माणसे मारते. छोरी २ मधील मुलगी कोणाचा जीव घेत नाही, तिचाच बळी हवा असलेली माणसे तिच्या मागावर असतात. मराठी-हिंदी भयपटांत रक्तपिपासू हे पात्र फारसे रुजलेले नाही. मराठी वाचकाला त्याची ओळख बऱ्याच अंशी नारायण धारप (१९२५–२००८) यांच्या लुचाई या कादंबरीमुळे झाली. तिचा मूळ आधार स्टीफन किंग यांची सेलम्स लॉट ही कादंबरी मानली जाते. धारपांच्याच एका कथेचा प्रभाव तुंबाड (२०१८) या चित्रपटावर आहे. तुंबाडही एका मुलाच्या बालपणापासून, भुकेल्या म्हातारीच्या घरात सुरू होतो आणि तिथेही खरी भूक माणसाचीच निघते.

पहिला भाग दिवसाउजेडी घडत होता. ऊन तेव्हा भीतीचे होते, कारण त्यात लपायला जागा नव्हती. दुसऱ्या भागात ऊन मुलीच्या शरीरालाच सोसत नाही आणि तिला अंधारात नेणे तिच्या वैऱ्यांना सोपे जाते. उसाचे मोकळे शेत मागे पडून भूमिगत गुहांत कथा सरकल्यामुळे दृश्यांचा थाट वाढला, पण पहिल्या चित्रपटातल्या घरगुतीपणाचा दाब कमी झाला. खेळाची जागाही तिथे उरत नाही.

दिग्दर्शकाचे इतर काम

फुरिया यांनी तिग्मांशू धुलिया यांच्यासह क्रिमिनल जस्टिस (२०१९) या हिंदी मालिकेच्या पहिल्या पर्वाचे दिग्दर्शन केले. बळी हा त्यांचा मराठी भयपट ९ डिसेंबर २०२१ रोजी, म्हणजे छोरीनंतर दोनच आठवड्यांनी प्रदर्शित झाला. स्वप्निल जोशी आणि पूजा सावंत यांच्या त्यात भूमिका असून रुग्णालयात दाखल झालेला लहान मुलगा आणि त्याला एकट्यालाच जाणवणारी परिचारिका यांभोवती तो फिरतो. काजोल यांची मध्यवर्ती भूमिका असलेला त्यांचा माँ हा हिंदी चित्रपट २७ जून २०२५ रोजी चित्रपटगृहांत आला. त्यातही संकटात सापडलेले मूल मुलगीच आहे.